पडीक उजेड

समजा, तुमच्या हातात मांजरपाटाचं एक पांढरं कापड दिलंय आणि सांगितलंय, या दुपारची घडी घाला. करून बघा. कापड मोकळ्या जमिनीवर अंथरायचं, त्यावर सुरकुती राहू द्यायची नाही, स्वतःची सावली पडू द्यायची नाही. ऊन मुरलं की कापड ओल्या सतरंजीसारखं जड होतं. मग एक टोक उचलून श्वास रोखून दुसऱ्यावर ठेवायचं, कारण फुंकर लागली तरी उजेड सांडतो. शेवटची घडी बसली की तुमच्याभोवती भर दुपारी संध्याकाळ होते. आणि तेच कापड संध्याकाळी दुसरीकडे नेऊन उलगडलं की तिथे दुपार पडते, उन्हासकट, घामासकट.

रत्नाला हे जमायला बरेच महिने लागले. जमलं तेव्हा मात्र असं जमलं, की कालप्रकाश अकादमीतली वरच्या वर्गातली मुलंसुद्धा तिची घडी बघायला थांबायची. पेठच्या वरच्या माळावरची ही अकादमी, तिथे उजेड आणि काळ यांची जादू शिकवतात. रत्नाचा अवसरीच्या इंजिनिअरिंगला नंबर लागत होता. तो सोडून ती इथे आली म्हणून तिचे वडील, पोपट, किती तरी दिवस तिच्याशी बोलले नाहीत. मंचरच्या बाजारात बटाटे निवडायला जाणारी आई, जानकाबाई, तेवढी म्हणाली, "उजेडाचंच शिक्षण हाय ना? अंधाराचं तर न्हाई."

पोरगी तापट, हे टेकडीपलीकडच्या तिच्या वस्तीत सगळ्यांना माहीत. शाळेत कुणी जात विचारली की ती उलट त्याचीच विचारायची, आणि उत्तर मिळेपर्यंत बाकावरून उठायची नाही.

मागच्या लग्नसराईपासून वस्तीत मधूनच दुपारी अंधारून यायला लागलं. आभाळ कोरडं ठाक, आणि दिवस मात्र मावळलेला. कोंबड्या खुराड्यात जायच्या. रत्नानं अकादमीच्या प्रमुख मोहिनी मॅडमना विचारलं. मॅडमनी फळ्यावर डोंगर काढला, सूर्य काढला, कोन दाखवला. डोंगराची सावली. रत्नाला पटलं. घरी येऊन तिनं तांब्या आणि बॅटरी घेऊन आईला तेच समजावलं. जानकाबाई म्हणाली, "तू शिकलीस, म्हंजे असंलच तसं." वर तिनं ते साऱ्या वस्तीला सांगितलं. शेजारच्या सरूबाईंना, ज्यांची शेळी तसल्याच एका दुपारी बिबट्यानं अंगणातून उचलली, त्यांनासुद्धा. बिबट्याला काय कळणार? त्याच्या दृष्टीनं संध्याकाळ झाली होती, तो त्याच्या वेळेला आला होता.

शेवटच्या प्रात्यक्षिकाच्या दिवशी काम होतं मंचरजवळच्या एका लॉनचं. संध्याकाळी लग्न, आणि मुलीकडच्यांना फोटो दुपारच्या उन्हात हवे होते. मॅडम, रत्ना आणि जुन्नरचा मोहसीन जीपनं टेकडी ओलांडून गेले. मोहसीनच्या घरचा धंदा गाद्यांचा. तो वाटेत म्हणाला, "आमच्याकडं गादीत कापूस भरतात, इथं कापडात ऊन. लोक झोपतात तेवढे आमच्याच मालावर." रत्ना हसली. जीप थांबली तेव्हाही ती हसतच होती.

"ही तुझी पडीक जागा," मॅडम म्हणाल्या.

समोर रत्नाच्या घराचं मागचं अंगण होतं. दोरीवर आईचं लुगडं वाळत होतं.

"मॅडम, ही आमची वस्ती आहे."

"माहीत आहे."

"माहीत आहे?"

"नियम तुला पाठ आहे, रत्ना. घडी पडीक जागेचीच घालायची. ही गायरान जमीन, गावाच्या गुरांना चरायला सोडलेली. इथे कुणाची मालकी नाही. म्हणजे इथला उजेड पडीक."

"उजेड पडीक. आणि माणसं?"

"माणसं राहतात की. कुणी हटवलंय का त्यांना?"

"तुम्ही मला फळ्यावर डोंगर काढून दाखवला होता."

"पहिल्या वर्षाच्या मुलांना सगळंच सांगत नाही आपण."

"मग लॉनवाल्यांचीच दुपार घ्या. ऊन त्यांना हवंय ना?"

"दुपारी तिथे हळद आहे. अंधारात हळद लावायची का त्यांनी?"

एवढ्यात जीप बघून जानकाबाई पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली. पदर सावरत म्हणाली, "मॅडम, बसा की. रत्नीची परीक्षा हितंच हाय व्हय? लई बरं झालं, आमालाबी बघाया मिळंल. च्या टाकते."

मॅडम बसल्या. बशीत ओतून चहा प्यायल्या. चांगला झालाय म्हणाल्या.

आईच्या डोळ्यांतला तो आनंद रत्नाला बघवेना. तिनं कापड काखेत मारलं आणि टेकडीची पायवाट धरली. मोहसीन मागून धावला.

"कुठं चाललीस राव?"

"पडीक जागा बघायला."

टेकडी उतरून ती अकादमीच्या मैदानात आली, ऑफिसच्या ऐन समोर. मोहसीनला आता कळलं. अकादमी उभी होती तीही त्याच गायरानावर. गुरं अजून कधीमधी वर्गात डोकवायची.

"प्रमाणपत्र जाईल," तो म्हणाला.

"जाऊ दे. तू सावल्या अडव."

तो हात पसरून उभा राहिला. येणाऱ्याजाणाऱ्याला म्हणायचा, "भाऊ, बाजूनं जा, परीक्षा चालूय." रत्नानं कापड अंथरलं. राग डोक्यात होता, हातात त्यातला थेंबही उतरला नव्हता. टोकावर टोक बसत गेलं. शेवटची घडी पडली आणि अकादमीवर संध्याकाळ झाली. वर्गातल्या मुलांनी दप्तरं उचलली आणि सुटी झाली समजून निघून गेली. स्वयंपाकघरातल्या बाईंनी भाताचं पातेलं उतरवून दिवा लावला. ऑफिसात कुणीतरी बटण शोधत ठेचकाळलं. मॅडमची जीप आली ती दिवे लावून.

"ही घडी न्या लॉनवर," रत्ना म्हणाली. "नियमात बसते. पडीक जागेची आहे."

मॅडमनी ती नेली, दुसरा इलाज नव्हता. फोटो छान आले म्हणतात.

निकाल असा लागला: घडी निर्दोष, प्रमाणपत्र रोखलेलं. कारण अकादमीची जागा वापरातली आहे, सबब नियमभंग. मोहसीननं आपलं कापड टेकडीपलीकडे अंथरायला नकार दिला, त्याचंही रोखलं. वस्तीवर तेव्हापासून दुपारचा अंधार आलेला नाही. पण मॅडमनी सांगून ठेवलंय, ही सोय तात्पुरती आहे, पुढच्या लग्नसराईत बघू.

रत्नानं घरी सगळं खरं सांगितलं. डोंगराचंही. जानकाबाईनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग म्हणाली, "आन मी तिला च्या पाजला."

त्या एका वाक्यासाठी रत्ना आता दर सोमवारी अकादमीच्या ऑफिसात जाते. माफीनामा लिहून दे, प्रमाणपत्र घेऊन जा, असं तिला सांगतात. ती लिहीत नाही. खुर्ची कुणी देत नाही, ती उभीच राहते, आणि तेच पुन्हा विचारते: गायरानावर अकादमी बांधली की जागा वापरातली, आणि त्याच गायरानावर आमची घरं उभी असली की पडीक, मॅडम, हे ठरवतं कोण?