पिसवा मोजणारा माणूस

पायात पांढरे मोजे चढवायचे, खोलीच्या मधोमध उभं राहायचं अन् म्हणायचं, "कोणी हलू नका."

आमच्या ढोरांच्या दवाखान्यातल्या कंपाउंडरची ही रीत. तुम्ही पाहिलं असतं तर हसला असता. मीही हसलो. मग मोज्यावर काळे ठिपके टपटप उडून बसले अन् माझं हसू गेलं.

रिठदला दिलेली माझी लेक पहिल्या बाळंतपणाला महिनाभरात येणार होती. थंडीत बकरीची पिल्लं घरात बांधली, त्यांच्यामागं पिसवा आल्या. तान्ह्या जिवाचं काय होईल, या धाकानं मला अन्न जात नव्हतं. तुरीवरचं औषध पंपात भरून मी तयारच होतो.

"हे घरात मारता? बाळाले मारता का पिसवाइले?" कंपाउंडर म्हणाले.

मी शिकलो चौथी, पण फवारणी मला कोणी शिकवायची नाही. म्हटलं, "चाळीस वर्सं फवारतो मी. तू मले सांगून राह्यला?"

"मंग तुमाले ठावं असंन, आबाजी. जमिनीत कोषात गेलेल्या अळीले औषध लागते काय?"

मी पंप खाली ठेवला.

"ह्या दिसतात त्या निस्त्या मायबाप. यायची अंडी जनावरावरून खाली पडतात, अळ्या भेगाइत वाढतात, मंग कोषात बसतात. पावलाचा दणका लागला का बाह्यर." मग जमिनीला हात लावून म्हणाले, "सारवता कवा?"

"रोज!" मी ऐटीत सांगितलं. "लेक येनार हाये."

"ओल अन् शेन. अळ्याइले पंगत घालून राह्यले तुमी."

बायकोच्या हातातलं पोतेरं हातातच राहिलं.

सारवण बंद झालं. पिल्लं गोठ्यात गेली, त्यांना दवाखान्यातलं औषध लावलं. भेगा कोरड्या मातीनं बुजवल्या. रोज कानाकोपरा झाडून केर जाळायचा, गोधड्या उकळून उन्हात टाकायच्या. आठ दिवसांत एक पिसू दिसेना. लेक कोरड्या भुईवर यावी हे मला पटेना. मी बायकोला सारवायला लावलं अन् झाडणं सोडलं.

पाच दिवसांनी बायकोच्या पोटऱ्या लाल. मान खाली घालून दवाखान्यात गेलो.

"कोषातल्या निंगाल्या," ते एवढंच म्हणाले. "पुन्ना सुरू करा." टोमणा मारला असता तर बरं वाटलं असतं.

मग ते दर तिसऱ्या दिवशी येऊन उभे राहत. लेक यायच्या आदल्या दिवशी मोजे कोरे निघाले. दुसऱ्या दिवशी शेजारीण म्हणाली, "लेक आली अन् सारवलं नाही काहून?" मी म्हटलं, "नाही सारवत आमी."

नात झाली. रोज सकाळी तिची पाठ उघडी करून मी पाहायचो. सव्वा महिन्यानं कंपाउंडर आले. मी नात पुढं केली. "घ्या, साहेब."

ते दोन पावलं मागं अंगणात सरकले. "नाही, आबाजी. आताच कुत्रं धरून आलो. कपड्यावर एखांदी असंन."

मी उंबऱ्यातूनच तिला उचलून धरली. ते हात मागं बांधून कितीतरी वेळ पाहत होते. "नाक तुमच्यावर गेलं," म्हणाले.

पुढच्या महिन्यात त्यांची मानोऱ्याकडं बदली झाली. नात आता घरभर रांगते. तिला त्यांच्या हातात द्यायचं राहून गेलं.