जुलैतला बर्फ

मी आयुष्यभर बर्फ पाडला, तोही मॉस्कोत. हे ऐकून इथे, बारमाही उकाड्याच्या बुकित बातोकमधले आमचे मराठी लोक हसतात. मॉस्कोत बर्फाला काय तोटा? तोटा नव्हताच. पण सिनेमातल्या हिवाळ्याच्या प्रसंगाची मंजुरी यायची जुलैत आणि उन्हाळ्याच्या प्रसंगाची जानेवारीत. वरच्यांच्या हुकमापुढे ऋतूंचं काय चालणार? शिकायला गेलेला मी इंजिनिअरिंग सोडून स्टुडिओत चिकटलो आणि जुलैत डांबरगोळ्यांची पूड उधळायला लागलो. जानेवारीत खरा बर्फ फावड्याने उपसायचा आणि उघड्या झाडांना कागदी पानं बांधायची. एका नटाच्या डोळ्यांना ती पूड अशी झोंबली की त्याच्या अश्रूंना पुढे बक्षीस मिळालं. पुडीचं नाव कुणी घेतलं नाही, माझंही नाही.

म्हातारपणी इथे लेकीकडे राहायला आलो. तिने कौतुकाने मराठी मंडळात सांगितलं आणि मंडळाने लगेच माझा सत्कार ठरवला. दर काही दिवसांनी कुणालातरी शाल पांघरल्याशिवाय मंडळाला करमत नाही. पत्रिकेवर छापलं, ‘सोव्हिएत सिनेमाचे ज्येष्ठ दिग्दर्शक’. मी अध्यक्षांना फोन केला. म्हटलं, "अहो, मी बर्फवाला."

"काका, हा तुमचा विनय झाला," ते म्हणाले. "पण बर्फवाल्याला बघायला संडेला कोण येणार?"

मीही हट्टाला पेटलो. म्हटलं, माझ्या कामाचा एक प्रसंग पडद्यावर दाखवा, मग यात माझं काय ते मी उठून सांगतो. मरायच्या आधी एकदा तरी चारचौघांत ते सांगायचं होतं. खोटं कशाला बोलू, फार सांगायचं होतं.

सत्काराच्या दिवशी नेमका हॉलचा एसी बंद पडला. वर खांद्यावर लोकरीची शाल. बायका पत्रिकेने वारा घेत होत्या. त्या पत्रिकेचा तेवढाच उपयोग झाला. मग प्रसंग लागला. एक तरुण बाई तान्ह्या मुलासाठी दूध शोधत बर्फातून चालली आहे. जुलैतल्या त्या शूटिंगला ती नटी फरकोटात घामाने निथळत होती आणि मला शिव्या देत होती.

हळूहळू हॉलमधलं वारा घेणं थांबलं. पहिल्या रांगेत कुणाच्या तरी सासूबाई बसल्या होत्या, नुकत्याच पुण्याहून आलेल्या. त्या उकाड्यात त्यांनी पदर कानांवरून घट्ट ओढून घेतला.

दिवे लागले. अध्यक्षांनी माईक माझ्या हातात दिला. मी तोंड उघडणार तोच त्या बाई म्हणाल्या, "भाऊ, किती गारठली असेल हो ती पोर."

भाषण ओठांवर होतं. एका वाक्यात सगळं श्रेय माझं झालं असतं, आणि त्यांचा पदर खाली आला असता.

"फार," मी म्हणालो. "त्या दिवशी थंडी फारच होती."