आकाशपाळण्याखालचे काका

आमच्या मावशीचे यजमान, म्हणजे सांताक्रूझचे काका, स्वर्गाच्या दारात पोचले तरी आत जाण्याआधी दाराच्या बिजागऱ्या तपासतील, हे मी छातीठोकपणे सांगतो. कुठलीही वस्तू कशी चालते हे कळल्याखेरीज तिची मजा घ्यायची नाही, हा त्यांचा बाणा. घरात नवं घड्याळ आलं की आठवडाभर वेळ शेजारी विचारावी लागे, कारण घड्याळ सुटं होऊन परातीत पडलेलं असे. स्वतःच्या लग्नात त्यांनी अंतरपाट धरणाऱ्यांना विचारलं होतं म्हणे, हात किती वेळाने भरून येतात?

जुहूच्या वाळूवर दर हिवाळ्यात पाळणे लागत. काका लाकडी घोड्यांच्या पोटाखाली वाकत, जादूच्या आरशांना मागून पाहत, आणि तोवर अंधार पडे. आकाशपाळण्यात एकदा दोघांनी बसावं एवढीच मावशीची हौस, पण दरवर्षी ती नुसती भेळ खाऊन परते.

त्या वर्षी मात्र ती हट्टाने एकटीच चढली आणि शेजारची जागा पदराने अडवून बसली. ‘मधला दांडा पाहून आलोच,’ काका म्हणाले. पाळणा माणसं हातांनी फिरवत. त्यांतल्या एकाला काकांनी विचारलं, वंगण एरंडेलाचं की खोबरेलाचं? तो बिचारा उत्तर द्यायला थांबला, चाक थांबलं, आणि मावशी नेमकी टोकाला अडकली.

‘अहो!’ तिने हाक मारली. वाळूवरच्या सात-आठ नवऱ्यांनी माना वर केल्या. एकाने तर ‘आलो गं’ म्हणून टोपी सावरली. आमचे काका तेवढे दांड्याचा वास घेत होते. मी त्यांना हलवलं, तर म्हणाले, ‘थांब रे, एरंडेलच आहे.’

मग, उखाण्याबाहेर जिने नवऱ्याचं नाव कधी उच्चारलं नव्हतं, त्या मावशीने ते आडनावासकट घेतलं. पुढे म्हणाली, ‘तो दांडा गेला खड्ड्यात. वर ये.’

काका शाळेतल्या पोरासारखे ताठ झाले. पाळणा खाली येताच मुकाट्याने तिच्या शेजारी जाऊन बसले. तीन फेऱ्या झाल्या. एकही प्रश्न नाही.

मावशी जाऊन आता वर्ष होईल. भिंतीवरचं घड्याळ बंद आहे, काकांनी ते उघडलेलं नाही. परवा मी सहज विचारलं, वरून समुद्र कसा दिसतो हो?

‘पाहायचा राहिला रे,’ ते म्हणाले. ‘ती पुन्हा नाव घेते का, तिकडेच कान होता.’