एकादशी आणि एक चमचा कॉर्नफ्लोअर

हे मी नवऱ्यालाही सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगते — पण आधी त्या जांभळांबद्दल बोलू द्या, नाहीतर मला सांगताच येणार नाही.

इस्लापूरहून भावाने टोपलीभर जांभळं आणली होती. आमच्याकडे नांदेडला नवा ओव्हन आलेला, आणि मी बेकिंगच्या नादाने पार येडी झालेली. त्यात एकादशी! डोक्यात आलं — उपासाचा ‘पाय’ करायचा, तो इंग्रजी, ओव्हनमधला. खाली राजगिरा-शिंगाड्याच्या पिठाची खुसखुशीत पारी, आत जांभळाचा दाट गर. अख्ख्या नांदेडात असं कुणी केलं असेल का हो? संध्याकाळी आत्याबाईंकडे, म्हणजे माझ्या सासूबाईंकडे, भजनाच्या बायका यायच्या होत्या. मी सगळ्यांना आधीच सांगून बसले होते.

गर दाट करायला आरारूट घेतलं. उपासाला चालतं, आणि काय चमकतं! पाण्यात कालवून उकळत्या रसात ओतलं, चमच्याने ओढलेली रेघ तशीच राहिली. तिथेच गॅस बंद करायचा असतो. आरारूटला फार उकळी सोसत नाही — ठाऊक होतं मला. पण मी इतकी हरखले की ढवळतच राहिले, फोटो काढत राहिले. गर पाणी-पाणी झाला. आरारूट संपलेलं.

साबुदाणा होता घरात. एकादशीला कुठल्या घरात नसतो? मिक्सरवर बारीक करायचा, चाळायचा, गरात थोडा मुरू द्यायचा — आंबट फळात तर तो फार भरवशाचा. पण गर थंडही व्हायला हवा होता, आणि बायका यायला तासभरच राहिलेला. समोर कॉर्नफ्लोअरचा डबा. मक्याचं — म्हणजे धान्यच की. एक चमचा घातला... एकच. जांभळाच्या रंगात त्याचा दुधीपणाही लपला.

आणि काय सांगू, कापल्यावर तो गर जागचा हलला नाही! बायका बघतच राहिल्या. मला आनंदाने रडू येत होतं. एकीने विचारलं, उपासाला चालतं ना सगळं? माझ्याआधी आत्याबाईच बोलल्या, "हिच्या हातचं मी डोळे झाकून खाते, बाई." आणि त्यांनी दुसरा तुकडा मागितला. मी हसले. नुसतं हसणं म्हणजे खोटं बोलणं नाही — असं वाटतं का तुम्हाला?

आता मी साबुदाण्याचंच पीठ घालते. लई भारी जमतो पाय. दर वेळी तेवढ्याच उत्साहाने करते, हेही कबूल करते.

मागच्या महिन्यात आत्याबाई तापाने फणफणल्या. डॉक्टरांनी तांदळाची पेज द्यायला सांगितली, आणि नेमकी एकादशी. नवऱ्याने विनवलं, नणंदेने विनवलं. आत्याबाईंनी वाटी सारली.

"लग्न झाल्यापासून एक एकादस मोडली न्हाई माझी. तू सांग की गं यांना."

सगळे माझ्याकडे बघू लागले.

"हाव आत्याबाई," मी म्हणाले, "एक बी न्हाई."

आणि पेजेची वाटी मीच उचलून आत नेऊन ठेवली.