कापायला ठेवलेला सीन

...तर खोलीतले दिवे मालवले, पडदा उजळला, आणि नुसरतआगांनी चहासाठी दातांत धरलेला साखरेचा खडा तसाच राहिला. चहाचा घोटच घेववेना.

तेहरानच्या सिनेमा-परवाना कचेरीतली ही खोली त्यांना काही नवी नव्हती. इस्फहानच्या थिएटरात दारावर तिकिटं फाडणारा हा माणूस, पुढं निर्माता झाला आणि अकरा सिनेमे याच खोलीतून सोडवून घेऊन गेला. कसे? प्रत्येक सिनेमात एक सीन ते मुद्दाम कापून घ्यायलाच घालायचे. कधी शिवीगाळ, कधी बाईच्या डोक्यावरून जरा जास्तच घसरलेला रुमाल. परवाना देणारे वुसूकीसाहेब तेवढा कापून खूश, बाकीचा सिनेमा सुखरूप घरी!

बारावा सिनेमा दिग्दर्शिका महलका खानमचा, तिचा पहिलाच. त्यात रिकाम्या पाळण्यापाशी बसून एक आई अंगाई म्हणते. आता, एकट्या बाईचं गाणं पडद्यावर चालत नाही, हे तिथं शेंबडं पोरही सांगेल.

"आगा, अंगाई गेली तर माझ्या सिनेमात उरलं काय?" तिनं विचारलं होतं.

"ती माझ्यावर सोड, पोरी," म्हणत आगांनी कबाबवाल्याची तीन मिनिटांची झणझणीत शिवीगाळ मध्ये घुसवली.

दिवे लागले. वुसूकीसाहेब डोळे पुसत होते, हसून हसून.

"काय तो कबाबवाला! राहू द्या त्याला."

आगा घाईनं पुढं सरकले. "छे छे, कापा ना साहेब! फार वाह्यात आहे. माझी मलाच लाज वाटते."

"वा! निर्माताच कात्री मागतोय! अकरा वेळा तुमचं आमिष गिळलं, आगा. आज माझा उपास." साहेबांचं हसू मावळलं. "कबाबवाला राहील. अंगाई जाईल."

महलका ताडकन उठली. "मग नकोच मला तुमचा परवाना!"

"बस खाली," आगा पुटपुटले.

"माझं बाईच्या चेहऱ्याशी भांडण नाही," साहेबांनी पेन उघडलं. "तिचा आवाज ऐकू येता कामा नये, नियम एवढाच. बोला, अंगाई की परवाना?"

आगांनी साखरेचा खडा कडकन चावला आणि म्हणाले, "आवाज तुम्ही ठेवून घ्या साहेब, कपाटात कुलूप लावून ठेवा. तिचे हलणारे ओठ तेवढे माझ्याकडे राहू द्या. आवाज काय, बघायला येणारा जो तो आपापल्या आईचा घरून घेऊन येईल."