भिताडावरची आई

सोलापुरात आमच्या गल्लीत एक शिनेमावाला ऱ्हायचा. राजा-रानीचं न्हाय, घरच्या मान्सांचं शिनेमे काढायचा. बहीन ज्वारी निवडतीया, बाप राखुंडीनं दात घासतुया, आन् ह्यो तोंडातल्या तोंडात भजन म्हनत कॅमेऱ्याचा दांडा फिरवतुया. भजनानं दांडा एकसारखा फिरतो म्हनं. कुनी हातातलं काम थांबवून कॅमेऱ्याकडं बघाय लागलं की म्हनायचा, "तुमचं चालू द्या."

माजी आई लई खंगली हुती. तिचं कायतरी मागं ऱ्हावं म्हनून गिरनीच्या सुट्टीदिशी मी त्येला घरी आनलं. आईला नवं लुगडं नेसवलं, मी उसना फेटा बांधला. फोटूला बसत्यात तसं आमी दोगं दम धरून बसलो. त्यो दांडा फिरवंना.

"काढा की वो," मी म्हनलं.

"तुमचं चालू द्या."

"चालूच हाय की!"

तेवढ्यात आमच्या शेळीनं मागनं फेटा वडला आन् पळाली. मी तिच्यामागं पळालो, धोतर सुटलं, उताना आपाटलो. आई खदाखदा हसली, मग हात नाचवत शिव्या द्याय लागली. तवा कुटं त्येचं भजन सुरू झालं.

फुडं थोड्याच दिसांत आई गेली. त्येनं भिताडावर धोतर टांगून त्यो शिनेमा दावला. आवाज न्हवता, पन आईच्या शिव्या मला सगळ्या पाठ हुत्या. गल्ली माज्या सुटल्या धोतराला हसत हुती, म्हनून माज्या तोंडाकडं कुनाचं ध्यान न्हवतं.

त्येचं हुतं. "तुमचं चालू द्या," म्हनला, आन् न इचारता परत पयल्यापास्नं लावला.