खिरापतीचा डबा आणि पांदणीत रुतलेली गाडी

आमच्या आईच्या मते मी ‘शूटिंगवाली’ आहे. तीही लग्नात शूटिंग करणारी नाही, म्हणजे जेवणाचेही वांधे. मी मात्र माहितीपट करते असं ऐटीत सांगते. यंदाचा विषय होता आमच्याकडे पोरी भोंडल्यासारखी म्हणतात ती भुलाबाईची गाणी. सगळं चित्रीकरण झालं होतं, घोडं अडलं होतं शेवटच्या गाण्यापाशी. त्यात भुलाबाई रुसून माहेरी निघते, पांदणीच्या, म्हणजे शेतातल्या गाडीवाटेच्या, चिखलात तिची बैलगाडी रुतते, ती जोरात हाक मारते आणि तिथे आमची आई गप्प होते.

“मले पुढचं येत नाही. कुहीच्या कमलले विचार.”

कमलमावशी म्हणजे कुही गावात राहणारी आईची लहानपणची मैत्रीण. “तूही चल ना,” म्हटलं तर आईने गुडघे दाखवले. शेवट नसलेली फिल्म घेऊन मी कुठे तोंड दाखवणार होते? निघाले एकटीच.

तुम्ही जाणार असाल तर सकाळी निघा. मी आधी गांधीबागेच्या कापडबाजारात मावशीसाठी साडी घेतली आणि वर झणझणीत रस्सा ओतलेले तर्री-पोहे हाणले. तर्री दुसऱ्यांदा मागू नका, पुढे बस आहे. उमरेड रोडने शहर मागे पडलं आणि कुहीकडे वळलो की दोन्ही बाजूंना लोंब्यांनी वाकलेला धान दिसतो. मी खिडकीतून इतकं शूट केलं की बॅटरी अर्धी झाली. परतीच्या बसची वेळ उतरल्या उतरल्या विचारा. मी विचारली नाही, म्हणून मुक्काम घडला.

संध्याकाळी मावशीच्या अंगणात मातीचे भुलाबाई-भुलोजी मांडलेले, भोवती टिपऱ्या घेतलेल्या पोरी. गाणी झाली की बंद डब्यातली खिरापत ओळखायची, हा खेळच असतो. मी कॅमेरा काढला तर मावशीने डबाच पुढे केला.

“आधी ओळख, मंग फोटो काढ.”

मी महागडा माइक डब्याला लावला, कानाला हेडफोन. “लाडू?”

“चुकली वं ताई!”

“करंजी?”

पोरी हसून लोळल्या. सगळ्यांत लहान पोरीने डबा एकदाच हलवला आणि म्हणाली, “शिंगाडे.” उकडलेले शिंगाडेच निघाले. दयेपोटी मला कॅमेऱ्याची परवानगी मिळाली. मग मी ते गाणं मागितलं.

“ते एकटीचं गाणं नाही वं. तुही माय हाक मारे, मी ओ देत होती. हाकेबगैर ओ कशी देऊ?”

“मी मारते हाक,” म्हणत मी सूर लावला.

“राहू दे पोरी. तुह्या आवाजानं बैल पळून जातीन.”

म्हणजे आई काहीच विसरली नव्हती. तिचा वाटा तिथेच संपत होता, आणि मी इतके दिवस तिला “आठव, आठव” म्हणून छळत होते. मला फार वाईट वाटलं.

सकाळी मावशीने तोच डबा भरून, फडक्यात बांधून दिला. घरी आल्यावर आईने तो कानाशी धरून एकदा हलवला. “शिंगाडे.” मग फडक्याची गाठ सोडता सोडता विचारलं, “कमल अजून ओ देते का?”

“देते. पण तुझ्याशिवाय नाही.”

“मंग उद्याची बस पाह्य.”

गुडघ्यांचं नावही निघालं नाही. कोपऱ्यात माझा कॅमेरा चार्ज होतोय, शेजारी कुहीला न्यायचा डबा आईने बांधून ठेवलाय. आत काय आहे ते ती सांगत नाही. मी तीनदा हलवून पाहिलाय, लाडूच असावेत.